मेरू, भेकर, पिसय : रानातल्या हरणांविषयी वाचकांचे प्रश्न

पावसाळा ओसरला की सत्तरीपासून काणकोणापर्यंतच्या बागायतदारांची पत्रं वाढतात. यंदा त्यांतली बरीचशी हरणांविषयी आहेत. काहींत नुकसानीची तक्रार आहे, काहींत कुतूहल आहे, आणि एक-दोन पत्रांत असे बेत आहेत जे वेळीच थांबवलेले बरे. जागेअभावी पत्रं थोडक्यात दिली आहेत. उत्तरं मात्र जिथे गरज होती तिथे लांबवली आहेत.

प्रश्न : गोव्याच्या रानात हरणांच्या नेमक्या कोणत्या जाती आहेत? माहितीफलकांवर चितळाचं चित्र असतं, पण आमच्या गावातले जुने लोक मेरू आणि भेकर एवढंच सांगतात. (डिचोली)

गावातल्या लोकांचं सांगणं रानाला धरून आहे. सह्याद्रीच्या पश्चिम उतारावरची खरी हरणं दोन. एक सांबर, ज्याला आपण मेरू म्हणतो, आणि दुसरं भेकर. इथे वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. झाडी दाट, वरचं छत मिटलेलं, त्यामुळे खाली ऊन कमी आणि गवतही कमी. अशा जागी पाला, कोवळे कोंब, गळालेली फळं-फुलं आणि प्रसंगी साल खाऊन राहणारं जनावर टिकतं. मेरू आणि भेकर दोन्ही तशीच. पूर्ण वाढलेला मेरूचा नर दोनशे किलोंच्या वर जातो. त्याच्या शिंगाला बहुधा तीनच टोकं असतात, एक कपाळाजवळ आणि दोन शेंड्याला. भेकर वीस-पंचवीस किलोंचं आणि एकटं राहणारं. नराची शिंगं वीतभरसुद्धा नसतात आणि ती केसाळ खुंट्यांवर उगवतात. वरच्या ओठाबाहेर दोन सुळे डोकावतात. रात्री कुत्र्यासारखं एकसुरी भुंकणं डोंगरातून ऐकू आलं आणि गावचे कुत्रे गप्प असले, तर ते भेकर समजावं.

चितळ मुख्यतः गवत खातं, कळपात राहतं आणि त्याला मोकळं माळरान व रोजचं पाणी लागतं. गोव्यात ते तुरळक आहे. घाट चढून काळी व्याघ्र प्रकल्पाच्या कोरड्या पूर्व भागात, दांडेलीकडे गेलं की कळप दिसू लागतात. आपल्यापैकी बहुतेकांनी चितळ पाहिलेलं असतं ते बोंडल्याच्या प्राणिसंग्रहालयात, कुंपणात.

चौथी पिसय, म्हणजे पिसोरी. शास्त्राच्या हिशेबात ती हरणांच्या कुळातली नाही, तिचं कुळ वेगळं. नराला शिंगं नसतात, सुळे असतात. खांद्याशी उंची जेमतेम फूटभर, वजन तीन किलोंच्या आसपास. दिवसा झाडाच्या ढोलीत किंवा दगडांच्या कपारीत बसून राहते. सशाइतकं ठिपकेदार जनावर टॉर्चच्या उजेडात दिसलं तर ते कुणाचं पिल्लू असेल असं समजू नका, ती पूर्ण वाढलेली पिसय असू शकते.

प्रश्न : कुळागरात, म्हणजे पोफळीच्या बागेत, सकाळी खुरांचे ठसे आणि खाल्लेले शेंडे दिसतात. घरात कुणी रानडुक्कर म्हणतं, कुणी मेरू, कुणी साळिंदर. कसं ओळखावं? (साकोर्डा)

आधी खाल्लेला शेंडा हातात घेऊन पाहा. हरणांना वरच्या जबड्यात पुढचे दात नसतात. ती खालच्या दातांनी शेंडा वरच्या हिरडीवर दाबतात आणि ओढून तोडतात. त्यामुळे टोक फाटलेलं, धागे निघालेलं दिसतं. ससा आणि साळिंदर यांना वर-खाली दोन्ही कातरे दात असतात, त्यांचा छाट सुरीने कापल्यासारखा तिरपा आणि स्वच्छ. साळिंदर शिवाय पोफळीच्या व माडाच्या रोपाचा बुंधाच कुरतडतो. तिथे समांतर दातांच्या खाचा दिसतात. जमीन नांगरल्यासारखी उलटी झाली असेल तर ते डुक्कर.

नंतर उंची बघा. खाणं गुडघ्यापासून कमरेपर्यंतच असेल तर भेकर, छातीच्या वर गेलं असेल तर मेरू. मेरू मागच्या पायांवर उभा राहूनही फांदी ओढतो. शिंगं मखमलीतून मोकळी झाली की नर ती मनगटाएवढ्या जाडीच्या झाडांवर घासतो, त्यात एका बाजूची साल लोंबत राहते.

ठशांत मेरूचे खूर सहा ते आठ सेंटीमीटर लांब, पुढे टोकदार. भेकराचे तीन सेंटीमीटरच्या आसपास. पिसयचे इतके लहान की बकरीच्या करडाचेही त्याहून मोठे वाटतील. डुकराच्या आणि मेरूच्या ठशांत गल्लत होते. मऊ चिखलात डुकराच्या मागच्या दोन उपखुरांचे ठिपके पायाच्या रुंदीच्या बाहेर उमटतात, मेरूचे सहसा उमटत नाहीत. गव्याचा ठसा मोठा आणि गोलसर असतो, त्याची गल्लत होणार नाही.

हे ओळखणं महत्त्वाचं आहे, कारण साळिंदरासाठी लावलेलं कुंपण मेरूला अडवत नाही आणि मेरूसाठी लावलेल्या उंच जाळीखालून डुक्कर आरामात शिरतो.

प्रश्न : पोफळीची नवीन रोपं आणि केळी मेरू खाऊन टाकतो. सौर कुंपण घातलं, पहिल्या वर्षी चाललं, दुसऱ्या पावसाळ्यात जनावरं सरळ आत. पैसे वाया गेले का? (सांगे)

वाया गेले नाहीत, पण कुंपण घालून विसरून जाण्याची ही वस्तू नाही. बिघाड जवळपास नेहमी त्याच चार-पाच जागी असतो.

पहिली जागा म्हणजे तारेखालचं रान. जून-जुलैत आठवड्याभरात वेली तारेला टेकतात. प्रत्येक ओलं पान थोडी वीज जमिनीत उतरवतं, आणि अशी हजार पानं लागली की शेवटच्या खांबाजवळ काहीच उरत नाही. तारेखाली दोन्ही बाजूंनी अर्धा-अर्धा मीटर पट्टा पावसाळ्यात दर पंधरवड्याला कापावाच लागतो. फॉल्ट-फाइंडर किंवा कुंपणासाठीचा डिजिटल व्होल्टमीटर घेऊन सर्वांत दूरच्या टोकाला मोजा. चार हजार व्होल्टच्या खाली आलं की मेरूचे जाड केस तो झटका अंगापर्यंत पोचू देत नाहीत.

दुसरी जागा अर्थिंग. झटका लागायचा तर तारेतली वीज जनावराच्या अंगातून जमिनीत आणि जमिनीतून परत यंत्रात, म्हणजे तारेत झटके सोडणाऱ्या पेटीत, यायला हवी. आपला चिऱ्याचा सडा, म्हणजे जांभ्या दगडाचं पठार, एप्रिल-मेमध्ये इतका कोरडा होतो की वीज परतच येत नाही. यंत्र चालू असतं, दिवा लुकलुकत असतो, आणि मेरू तार ओलांडून जातो. किमान तीन गॅल्वनाइज्ड सळ्या, प्रत्येकी दोन मीटर खोल, एकमेकींपासून तीन मीटरवर, आणि शक्यतो पाटाच्या किंवा विहिरीच्या ओलीत ठोका. घराच्या अर्थिंगपासून त्या दहा मीटर तरी दूर असू द्या. चाचणी सोपी आहे. यंत्र बंद करा, यंत्रापासून शंभर मीटरवर लोखंडी सळी जमिनीत ठोकून तारेला टेकवून ठेवा, यंत्र सुरू करा, आणि शेवटच्या अर्थसळीवर व्होल्टेज मोजा. तीनशे व्होल्टपेक्षा जास्त दाखवलं तर अर्थिंग अपुरं आहे, आणखी सळ्या ठोका. सड्यावरच्या बागेत त्याही पुढे जाऊन एक तार चालू व एक तार अर्थ अशी आलटून-पालटून जोडणी करा. दोन तारांमध्ये डोकं घालणाऱ्या जनावराला मग कोरड्या जमिनीतही झटका बसतो.

तिसरी बॅटरी. जुलैत सलग चार-पाच दिवस ऊन पडत नाही. बॅटरी निदान तीन दिवस पॅनेलशिवाय चालेल एवढ्या क्षमतेची हवी. पॅनेलवर शेवाळ आणि झाडाची सावली नको. चौथी जागा वीज कोसळण्याची. मे अखेरीस आणि ऑक्टोबरात गडगडाटी पाऊस असतो, त्याआधी लायटनिंग अरेस्टर बसवलेला असावा. आणि यंत्राच्या पेटीची फट बंद करा. मुंग्या आणि पाली आत शिरून सर्किट जाळतात.

तारांची मांडणी मेरू आणि डुक्कर दोघांसाठी एकदम करायची असेल तर सात तारा लागतात. जमिनीपासून २५, ५०, ७५, १००, १३०, १६५ आणि २०० सेंटीमीटर उंचीवर. खांब चार-पाच मीटरवर, कोपऱ्याच्या खांबाला तिरका टेकू. कमी उंचीची तार मेरू सहज उडी मारून पार करतो. झटका नको असेल आणि खर्च परवडत असेल तर आठ फुटी चेनलिंक जाळी, खालची कड जमिनीला खिळलेली. काटेरी तार मात्र घालू नका. ती हरणाला थांबवत नाही. उडी मारताना मागचा पाय वरच्या दोन तारांत पिळून अडकतो आणि जनावर तिथेच लोंबकळून मरतं.

कुंपण घालायचं ते पिकाच्या तुकड्याला, सगळ्या डोंगराला नव्हे. ओहोळाकडे जाणारी जनावरांची वाट मोकळी ठेवली तर ती वळसा घालून जातात. वाट बंद केली तर रोज रात्री कुंपणाची परीक्षा घेतात. आणखी एक गोष्ट पुष्कळांच्या लक्षात येत नाही. तारा ओढून झाल्यावर यंत्र बसवेपर्यंत तीन आठवडे गेले, तर तेवढ्या दिवसांत जनावरं तारेला नाक लावून, ढकलून, आत जाऊन शिकून मोकळी होतात. तारा ओढल्या त्याच संध्याकाळी वीज सोडा.

घरातली वीज तारेला सरळ जोडणं हा गुन्हा आहे, आणि त्यात मरणारा पुष्कळदा पहाटे पाणी बांधायला आलेला माणूसच असतो. यंत्र मानक संस्थेची खूण असलेलं घ्या. त्याचा झटका क्षणभराचा आणि सेकंदाला साधारण एकदा असतो, म्हणून जनावर मागे सरू शकतं. कृषी खात्याकडून कुंपणासाठी अनुदान मिळतं. साहित्य विकत घेण्यापूर्वी विभागीय कृषी कार्यालयात अर्ज करा, नंतर नव्हे.

नवीन रोपं शंभर-दीडशेच असतील तर एवढा खटाटोप करू नका. प्रत्येक रोपाभोवती बांबूचा पिंजरा पुरतो. भेकरासाठी चार फूट, मेरूसाठी सहा फूट, आणि रोपापासून हातभर लांब, नाहीतर फटीतून जीभ घालून पानं ओढतात. ऑक्टोबर ते मे अंड्याची फवारणीही उपयोगी आहे. एक भाग फेटलेली अंडी, चार भाग पाणी. बलकाला चिकटलेली पांढरी दोरी काढून टाका, नाहीतर पंपाचं नोझल बुजतं. पानांवर फवारून महिन्याने पुन्हा. माणसाला वास येईनासा होतो, हरणाला येत राहतो. पावसाळ्यात हा उपाय करू नका, पहिल्या सरीत धुऊन जाईल. ज्याला दुसरं काहीच खायला नाही अशा भुकेल्या मेरूपुढेही त्याचा टिकाव लागत नाही.

प्रश्न : केप्याजवळ आमची तीस एकर जमीन आहे. कृषी पर्यटन सुरू करतोय. पाच-दहा चितळ आणून सोडले तर पाहुण्यांना आवडतील आणि जातही वाढेल. परवानगी कुठे मिळते?

मिळत नाही, आणि मिळू नये असं आमचं स्पष्ट मत आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली चितळ संरक्षित आहे. ते बाळगायचं तर केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाची मान्यता असलेलं प्राणिसंग्रहालय असावं लागतं. रिसॉर्टच्या हिरवळीसाठी हरण विकत किंवा भेट घेणं हा गुन्हा ठरतो.

कायदा बाजूला ठेवला तरी हिशेब जुळत नाही. पन्नास किलोंच्या मादीला दिवसाला साधारण पाच किलो हिरवा चारा लागतो, नराला त्याहून जास्त. कळप वाढून वीस जनावरं झाली म्हणजे रोजचा शंभर किलोंहून अधिक. केप्याच्या सड्यावरचं गवत फेब्रुवारीत पिवळं पडतं आणि जूनपर्यंत उगवत नाही. चार महिने चारा विकत. पहिल्याच उन्हाळ्यात जमिनीपासून चार-साडेचार फुटांपर्यंतचं सगळं हिरवं संपतं आणि झाडांना खालून एका रेषेत कापल्यासारखं दिसू लागतं. पावसाळ्यात तीच जमीन चिखल होते, खुरं सडतात. नर दोनच्या वर झाले की झुंजी, आणि बंद जागेत हरलेल्याला पळायला वाट नसते. शिवाय कुंपणातलं चितळ म्हणजे बिबट्याला रोजचं आमंत्रण. तो कुंपण चढून येतो, आणि भेदरलेला कळप जाळीवर आपटून मरतो तो वेगळाच.

आणि समजा ते जगले, वाढले, कुंपण मोडून रानात गेले. तर काय होतं ते जगाने पाहिलं आहे. अंदमानात चितळ ब्रिटिश काळात नेले गेले. तिथे वाघ नाही, बिबट्या नाही, कोळसुंदा (रानकुत्रा) नाही. चितळ पोहून एका बेटावरून दुसऱ्यावर गेले, आणि जंगलाच्या तळाची रोपटी इतकी खाल्ली गेली की म्हातारी झाडं उभी आणि त्यांच्या जागी येणारी तरणी झाडंच नाहीत, अशी स्थिती पुष्कळ ठिकाणी झाली. हवाई बेटांवर चितळ १८६८ मध्ये राजाला भेट म्हणून मोलोकाई बेटावर पोचले. तिथल्या वनस्पतींनी खूर असलेलं जनावर कधी पाहिलंच नव्हतं, त्यांना ना काटे ना कडवटपणा. पुढे एकोणिसशे साठच्या सुमारास शिकारीसाठी ते माउईवर नेले आणि आज तिथे कुरणं, शेती, पाणलोटाची जंगलं वाचवायला सरकारला कुंपणांवर आणि शिकारीवर खर्च करावा लागतो. अमेरिकेच्या टेक्सासमध्ये ते १९३२ मध्ये आणले गेले, आता मोकळे फिरतात. आपला मेरूही असाच परदेशी गेला. १८६० च्या दशकात ऑस्ट्रेलियाच्या व्हिक्टोरिया प्रांतात सोडलेल्या सांबरांची संतती आज तिथल्या डोंगरांत उपद्रवी गणली जाते. भारतात मात्र सांबराची संख्या घटत असल्याने जागतिक यादीत तो असुरक्षित जातींत आहे. तेच जनावर, पण खाणारा आणि खाल्लं जाणारं यांची जोडी तुटली की एकीकडे उपद्रव, दुसरीकडे ऱ्हास.

पाहुण्यांना काही दाखवायचं असेल तर जमिनीच्या रानाकडच्या चार एकरांत काहीच करू नका. झुडपं राहू द्या, फळझाडांखालची फळं वेचू नका, कुत्रे बांधून ठेवा, रात्री फ्लडलाइट लावू नका. भोवती रान असेल तर भेकर आपण होऊन येतं. पाहुण्याला पहाटे शांत बसून ते दिसलं तर तो ते विसरणार नाही.

प्रश्न : मग सरकारने तरी बोंडल्यातली हरणं म्हादईच्या अभयारण्यात सोडावीत. वाघासाठी भक्ष्य वाढेल. मध्य प्रदेशात ट्रकांतून चितळ नेतात असं वाचलं. (वाळपई)

मागची तळमळ योग्य आहे. एक वाघ वर्षाला साधारण पन्नास मोठी जनावरं मारतो, आणि कळप न घटता तेवढी पुरवायला रानात पाचशेच्या आसपास खुरी जनावरं लागतात. रानात ती नसली की वाघ गुरांवर येतो. जानेवारी २०२० मध्ये सत्तरीत गुरांच्या शिकारीनंतर विषप्रयोगात चार वाघ गेले, ते कुणी विसरू नये.

पण मध्य प्रदेशात नेलं ते रानातलंच चितळ, एका रानातून दुसऱ्या तशाच रानात. तिथे ‘बोमा’ पद्धत वापरतात. गवताच्या तट्ट्या आणि आरपार न दिसणारं कापड लावून नरसाळ्यासारखी रुंदीकडून अरुंदीकडे जाणारी लांब वाट करतात. काही दिवस आत चारा ठेवून कळपाला सवय लावतात, मग पडदे ओढून त्याला हळूहळू थेट ट्रकमध्ये नेतात. कुणी हात लावत नाही. कारण हरणाला हाताने पकडलं, पाठलाग केला, दोराने बांधलं, तर भीती आणि धडपड यांनी त्याचे स्नायू आतून विरघळू लागतात. सोडताना ते उभं असतं, पळतंही, आणि काही तासांनी किंवा काही दिवसांनी मूत्रपिंड व हृदय बंद पडून मरतं. यावर खात्रीचं औषध नाही. म्हणून उकाड्यात, दिवसा, घाईत हे काम करत नाहीत.

पिंजऱ्यातल्या हरणांची अडचण याहून वेगळी. पिढ्यान्‌पिढ्या त्याच रक्तातली, माणसाला न भिणारी, बिबट्याचा वास न ओळखणारी, आणि क्षयासारखे रोग रानात नेण्याचा धोका. आणि चितळाला हवं ते गवत म्हादईच्या दाट उतारांवर नाही.

पिंजऱ्यातून रानात परतवणं अशक्य नाही, पण त्यासाठी संयम लागतो. हैदराबादच्या नेहरू प्राणिसंग्रहालयात २०१० पासून पिसयची पैदास केली गेली आणि पुढे ती तेलंगणातल्या अमराबादच्या रानात, आधी संरक्षित कुंपणात ठेवून मग सोडली गेली. जनावर तिथलंच, रान त्याच्या सवयीचं. आणि मध्य प्रदेशातल्या कान्ह्याच्या रानात १९७० मध्ये बारशिंगे ६६ उरले होते. ते शेकड्यांवर गेले ते बाहेरून जनावरं आणून नव्हे. तिथल्या कुरणांतलं उंच गवत परत येऊ दिलं आणि माद्यांना विण्यासाठी सुरक्षित जागा दिली. म्हादईत मेरू वाढवायचे तर फासक्या काढणं, मोकाट कुत्रे आवरणं आणि उन्हाळी पाणवठे शाबूत ठेवणं ही तीन कामं ट्रकापेक्षा स्वस्त आणि जास्त परिणामकारक आहेत.

प्रश्न : काजूच्या बागेत झुडपं साफ करताना ठिपक्याठिपक्यांचं पाडस सापडलं. आई दिसली नाही, म्हणून घरी आणून गाईचं दूध पाजतोय. पुढे काय करावं? (काणकोण)

आज, आत्ता वनखात्याच्या जवळच्या रेंज ऑफिसला कळवा, आणि दूध थांबवा. हरणिणीच्या दुधात गाईच्या दुधाच्या दुपटीहून जास्त स्निग्धांश असतो. गाईचं दूध त्याला पुरत नाही, पचतही नाही, हगवण लागते. बाटलीने आडवं धरून पाजलं तर दूध फुप्फुसात जातं आणि दोन दिवसांत न्यूमोनिया होतो. मरणारी बहुतेक पाडसं यातच मरतात.

ठिपके बघून ते चितळाचं वाटलं असेल, पण तुमच्या भागात ते जवळजवळ नक्की भेकराचं. भेकराच्या पाडसाला ठिपके असतात, मोठेपणी जातात. पहिले काही आठवडे आई त्याला झुडपात दडवून स्वतः लांब चरते. पाडसाला वास जवळपास नसतो, आईला असतो. ती जवळ बसली तर बिबट्याला पत्ता लागेल. ती दिवसातून काही वेळाच येते, पाजते, निघून जाते. म्हणजे एकटं पाडस हे अनाथ पाडस नव्हे.

इतर वाचकांसाठी सांगतो. दिसलं की हात लावू नका, पन्नास पावलं मागे व्हा, ब्रशकटर त्या तुकड्यात दोन-तीन दिवस बंद ठेवा, कुत्रे बांधा. दुसऱ्या दिवशी सकाळी लांबूनच पाहा. बहुधा जागा रिकामी असेल. जखम दिसली, अंगावर माश्यांची पांढरी अंडी दिसली, ते तासन्‌तास ओरडत असलं किंवा जवळ मादी मेलेली सापडली, तरच मदत हवी. मग डोळ्यांवर सुती कपडा, मोठ्या खोक्यात कोरडं गवत, अंधार, शांतता आणि रेंज ऑफिसला फोन. तोंडात पाणी ओतू नका. आधी हात लावला गेला असेल तरी निराश होऊ नका. पहिल्या एक-दोन दिवसांत त्याच जागी परत ठेवलं तर आई बहुतेकदा घेते. घेते की नाही हे वनरक्षकाला लांबून पाहू द्या. बाटलीवर वाढलेला नर मात्र परत रानात जात नाही. मोठा झाला की माणसाला प्रतिस्पर्धी समजून शिंगं मारतो.

प्रश्न : रानातल्या कॅमेऱ्याच्या फोटोत मेरूच्या गळ्याखाली रक्ताळलेली, केस गेलेली गोल जखम दिसली. गोळी लागली असेल का? (मोले)

गोळीची शक्यता फार कमी. गळ्याच्या खालच्या बाजूला, बरोबर मध्यभागी, वाटीएवढा लाल ओलसर डाग मेरूंत सर्वत्र दिसतो. नरांतही, माद्यांतही. काही अभ्यासक तो ग्रंथींशी आणि माजाच्या किंवा पाजण्याच्या काळाशी जोडतात, काही सूक्ष्म कृमींशी. त्यातून पातळ द्रव पाझरतो आणि काही काळाने केस परत येतात. फोटो वनखात्याला पाठवा, पण जनावराचा माग काढू नका.

प्रश्न : गावच्या कोमुनिदादच्या (गावकीच्या सामाईक) सड्यावर पूर्वी भेकरं आणि ससे चरायचे. आता सगळं रानमोडीने भरलं आहे. काही करता येईल का? (सत्तरी)

येईल, फक्त वेळ साधावी लागते. रानमोडी नोव्हेंबरअखेर फुलू लागते आणि जानेवारी-फेब्रुवारीत तिचं हलकं बी वाऱ्यावर उडतं. ऑक्टोबरात, पावसाने जमीन मऊ असताना ती मुळासकट उपटली तर श्रम अर्ध्यावर येतात. नुसती कापली तर बुंध्यातून दहा फुटवे फुटतात. जाळली तर वरचं जातं, मूळ राहतं, आणि जे थोडं गवत उरलं होतं तेही जातं. उपटलेली झुडपं उलटी, मुळं वर करून सुकत टाका. दुसऱ्या आणि तिसऱ्या ऑक्टोबरात रोपं पुन्हा येतील, ती उपटली नाहीत तर पहिल्या वर्षीचं काम फुकट. सगळा सडा एकदम घेऊ नका. पाण्याजवळचा अर्धा एकर घ्या आणि तो पूर्ण स्वच्छ ठेवा. ऑस्ट्रेलियन बाभळीची लागवड असेल तर तिच्या पानांच्या थराखाली गवत उगवत नाही, तिथे आधी झाडं विरळ करावी लागतील, आणि त्यासाठी वनखात्याची परवानगी लागते.

त्याच सड्यावर गाई-म्हशी चरत असतील तर त्यांना लाळ्या-खुरकूतची लस वेळेवर टोचून घ्या. हा रोग गुरांकडून मेरू आणि गव्यांना लागतो.

प्रश्न : ओहोळात मेरूचं गळालेलं शिंग सापडलं. हे मारून मिळवलेलं नाही, दिवाणखान्यात लावलं तर हरकत काय? (नेत्रावळी)

हरणाचं शिंग दरवर्षी गळतं आणि नवं येतं, त्यामुळे सापडणं स्वाभाविक आहे. कायद्याने मात्र ते सरकारी मालमत्ता आहे. हाती आल्यापासून ४८ तासांच्या आत जवळच्या पोलीस ठाण्याला किंवा वन अधिकाऱ्याला कळवून ते सुपूर्द करावं लागतं. नेत्रावळी अभयारण्याच्या हद्दीतून उचललं असेल तर प्रकरण आणखी गंभीर. घेतलेलं असेल तर रेंज ऑफिसला देऊन पोच घ्या. घेतलं नसेल तर तिथेच राहू द्या. साळिंदर आणि उंदीर त्यातलं कॅल्शियम कुरतडून खातात, महिन्या-दोन महिन्यांत त्यावर दातांच्या खाचा दिसू लागतील.